डाउनटाउन रेडमंड स्टेशन, टू लाईन आणि गाडी न चालवणारी आपली माणसं

नदीकाठ | ११ ऑक्टोबर २०२५

रेडमंडच्या मध्यवस्तीत लाईट रेल आली त्याला आता पाच महिने झाले. १० मेच्या उद्घाटनाचे फोटो इथे बघून झाले, नव्याचे नऊ दिवस सरले. आता जरा निवांत बोलू या.

सिएटल भागात न राहणाऱ्यांसाठी थोडक्यात: सिएटलच्या पूर्वेला लेक वॉशिंग्टनपलीकडे बेल्व्ह्यू आणि रेडमंड ही उपनगरं. मराठी माणूस इथे भरपूर, कारण मायक्रोसॉफ्ट. या बाजूची टू लाईन २७ एप्रिल २०२४ ला सुरू झाली ती साउथ बेल्व्ह्यू ते रेडमंड टेक्नॉलॉजी एवढीच, आठ स्टेशनं. यंदा मेमध्ये तिला पुढचा सुमारे साडेतीन मैलांचा तुकडा जोडला आणि मेरीमूर व्हिलेज व डाउनटाउन रेडमंड ही दोन स्टेशनं वाढली. तलाव ओलांडून सिएटलला जाणारा भाग मात्र अजून उघडलेला नाही, त्यामुळे आपली लाईन सध्या मुख्य जाळ्यापासून तुटलेलीच आहे.

हे सगळं ऑफिसला जाणाऱ्यांसाठी आहे असं जो तो धरून चालतो. मला तसं वाटत नाही. ऑफिसवाल्यांकडे गाडी आहे, कंपनीची बस आहे, घरून काम आहे. या विस्ताराचा खरा उपयोग गाडी न चालवणाऱ्यांना आहे: सहा महिन्यांसाठी आलेले आई-बाबा, नव्याने आलेली आणि अजून लायसन्स न काढलेली बायको किंवा नवरा, शाळकरी मुलं. या माणसांचा अख्खा दिवस घरातल्या कुणाच्या तरी सवडीवर लटकलेला असतो.

माझे सासरे यंदा उन्हाळ्यात आमच्याकडे होते. पहिल्या दिवशी स्टेशनवर त्यांना समजेना की फाटक कुठे आहे. इथे फाटकच नाही. फलाटाकडे जाताना यंत्रावर भाड्याचं ऑर्का कार्ड टेकवायचं, एक आवाज येतो, झालं. ते दोन पावलं पुढे गेले, परत आले आणि मला म्हणाले, "पण तिकीट बघणार कोण?" गाडीत कधीतरी तपासनीस येतात असं सांगितलं तरी त्यांचं समाधान होईना. पुढच्या आठवड्यात मात्र ते एकटेच बेल्व्ह्यूला जाऊन आले. वीसेक मिनिटांचा प्रवास, दर दहा मिनिटांनी गाडी. आल्यावर वाटेतली सगळी स्टेशनं त्यांनी क्रमाने म्हणून दाखवली. मुलीला फोन न करता, कुणाची वाट न बघता बाहेर पडता आलं याचा आनंद त्यांच्या तोंडावर स्पष्ट दिसत होता.

म्हणून विचारतोय, तुमच्याकडे काय अनुभव? स्टेशनपर्यंत कसे पोचता? आणि सिएटलकडे नेणाऱ्या तलावावरच्या पुलाचं काम नेमकं कशाने अडलं होतं, हे कुणी नीट सांगेल का?

---

हिशेबी | ११ ऑक्टोबर २०२५

आई-बाबांचा मुद्दा पटला, पण पैशाचंही बोलायला हवं. २०१६ ला सार्वजनिक वाहतूक वाढवण्याच्या ज्या आराखड्यावर आपण मतदान केलं (म्हणजे ज्यांना मताचा हक्क होता त्यांनी), तो ५४ अब्ज डॉलरचा होता. रेडमंडचा हा शेवटचा तुकडा त्याच पैशातून झाला. विक्रीकरातून, मालमत्ता करातून आणि गाडीच्या वार्षिक नोंदणीतून ती रक्कम दरवर्षी आपल्या खिशातून जाते. मी दक्षिणेकडच्या रेंटनला राहतो. माझ्या घराजवळ यातलं एकही स्टेशन नाही आणि नजीकच्या काळात येणारही नाही.

याच्या काही हिश्श्यात दर पाच मिनिटांनी धावणाऱ्या बसेस सगळ्या भागांत देता आल्या असत्या. बसचा रस्ता बदलता येतो, रूळ एकदा टाकले की हलत नाहीत. माझा रेल्वेला विरोध नाही. पण ज्यांना ती मिळत नाही त्यांची गणतीच होत नाही, ही माझी तक्रार आहे.

---

जुना_रहिवासी | ११ ऑक्टोबर २०२५

हिशेबी, तुमची तक्रार रास्त आहे. पण एवढा खर्च का येतोय, याचं एक कारण म्हणजे आपण ही गाडी पन्नास वर्षं उशिरा बांधतोय.

१९६८ साली या भागात 'फॉरवर्ड थ्रस्ट' नावाने जलद रेल्वेचा प्रस्ताव मतदानाला आला होता. केंद्र सरकार खर्चाचा मोठा वाटा उचलणार होतं. बहुमत मिळालं, पण कर्जरोख्यांसाठी ६० टक्के मतं लागत, ती मिळाली नाहीत. १९७० मध्ये पुन्हा मतदान झालं. तेव्हा बोइंगमधली नोकरकपात जोरात होती, लोक धास्तावलेले होते, आणि प्रस्ताव साफ पडला. केंद्राचा तो पैसा अटलांटाला गेला आणि तिथे मार्टा उभी राहिली. अटलांटाची मेट्रो १९७९ पासून धावतेय. आपल्याकडे सिएटलची पहिली लाईन धावायला २००९ उजाडलं.

पूर्वेकडच्या लाईनला लोकांनी होकार दिला नोव्हेंबर २००८ मध्ये. त्यानंतरही भांडणं झालीच. बेल्व्ह्यूचे बडे मॉलमालक केम्पर फ्रीमन न्यायालयात गेले: पुलावरच्या मार्गिका महामार्गासाठी बांधल्या, त्या रेल्वेला देता येणार नाहीत, असं त्यांचं म्हणणं. २०१३ मध्ये राज्याच्या सर्वोच्च न्यायालयाने रेल्वेच्या बाजूने निकाल दिला. तोवर बेल्व्ह्यू शहरात बोगदा हवा की नको यावर वेगळा वाद चालूच होता. बोगदा झाला, शहराने त्यात स्वतःचा वाटा घातला, पण खर्च वाचवायला स्टेशन बोगद्याबाहेर उघड्यावर काढलं. बेल्व्ह्यू डाउनटाउनला उतरून मॉलकडे जाताना एवढं चालावं लागतं, त्यामागे हाच तह आहे.

आणि बसचं म्हणाल तर बस उत्तम, फक्त तिला स्वतःचा रस्ता हवा. तो नसेल तिथे संध्याकाळी पाच वाजता बसही तुमच्या-आमच्या गाड्यांच्या मागेच उभी असते. वेगळी मार्गिका द्यायची म्हटलं की तेच लोक विरोधाला येतात.

---

जुईली | १२ ऑक्टोबर २०२५

मी ती "लायसन्स न काढलेली बायको" आहे. 🙂 आता काढलंय, पण पहिलं दीड वर्ष लेकीला बाबागाडीत घालून बसनेच फिरले. म्हणून सांगते.

लाईट रेलच्या डब्याची फरशी फलाटाच्या पातळीला असते. पायरी नाही. बाबागाडी सरळ आत ढकलायची. बसमध्ये चालकाला सांगून उतार उघडायला लावावा लागतो, तोवर मागचे लोक खोळंबतात आणि आपल्याला ओशाळं वाटतं. गाडीत तो प्रश्नच येत नाही. चाकाच्या खुर्चीवाले, वॉकर घेतलेले आजी-आजोबा, सायकलवाले, सगळे तितक्याच सहज चढतात.

दुसरं म्हणजे विल्बर्टन स्टेशन. ओव्हरलेक हॉस्पिटल तिथून चालत जाण्याइतकं जवळ आहे. गरोदरपणातल्या तपासण्यांना नवऱ्याने प्रत्येक वेळी सुट्टी टाकायची, हे किती घरांत चालतं ते आपल्याला ठाऊक आहे. मी एकटी जाऊ शकले असते, फक्त तेव्हा गाडी सुरू नव्हती. माझ्या धाकट्या जावेला आता ती सोय आहे, आणि ती एकटी जाते.

१८ वर्षांपर्यंतच्या मुलांना भाडं नाही हेही नवीन आलेल्यांना माहीत नसतं. मोठ्यांना सरसकट ३ डॉलर, कितीही लांब जा. भाडं अंतरावर नसल्याने उतरताना कार्ड पुन्हा टेकवायची गरज उरलेली नाही.

---

टेकडीवरचा | १२ ऑक्टोबर २०२५

रेडमंडजवळच्या समामिशच्या पठारावर राहतो. आमच्याकडून स्टेशनला चालत जायचं तर उतार, फुटपाथ मधेच संपतो, आणि बस फार कमी. मग मी काय करू? मेरीमूर व्हिलेजच्या गाडीतळावर गाडी लावतो. १,४०० गाड्यांची सोय आहे तिथे. वाहतुकीबद्दल लिहिणारे बरेच जण या गाडीतळांना नावं ठेवतात, तेवढ्या जागेत घरं बांधा म्हणतात. पण आमच्यासारख्यांसाठी स्टेशन म्हणजे तो गाडीतळच आहे. तो नसता तर मी गाडीने थेट बेल्व्ह्यू गाठलं असतं.

मुलगा मात्र त्याच स्टेशनवरून मेरीमूरच्या क्रिकेटला जातो. स्टेशनातून उद्यानाकडे पायवाट आहे. मी मेरीमूरला सोडतो, तिथून पुढे तो आणि त्याचे मित्र बेल्व्ह्यू, स्प्रिंग डिस्ट्रिक्ट, कुठे कुठे हिंडून येतात. दर शनिवारी चार वेळा ने-आण करायचो, ती निम्मी झाली.

---

नदीकाठ | १२ ऑक्टोबर २०२५

टेकडीवरचा, गाडीतळ नको असं मी म्हणणार नाही, मेरीमूर व्हिलेजला तो हवाच. पण डाउनटाउन रेडमंडला तो नाही, आणि ते मला अतिशय योग्य वाटतं. ते स्टेशन उंचावर आहे, खाली जुन्या मालगाडीच्या मार्गावर केलेली चालण्या-सायकलची वाट आहे, दोन्हीकडे चार-पाच मजली इमारती. ग्रंथालय, बागेतला बाजार, वाणसामान, दवाखाने, सगळं पायी. गाडीतळ घातला असता तर हीच जागा गाड्यांनी खाल्ली असती.

याच्या उलट उदाहरण बेल्व्ह्यूमधल्या बेलरेडचं. तिथे गाडी रस्त्याच्या मधोमध, सिग्नल पाळत जाते. पूर्वी सगळी गोदामं आणि गॅरेजं होती. बेल्व्ह्यूने २००९ मध्येच तिथे उंच घरांना परवानगी दिली, म्हणजे रूळ पडण्याच्या कितीतरी आधी. आज बेलरेड स्टेशनवर उतरलं तर आजूबाजूला अजून बरंच रिकामं दिसतं आणि लोक म्हणतात, "इथे स्टेशन कशाला?" पण स्प्रिंग डिस्ट्रिक्ट काही वर्षांपूर्वी असंच होतं. आधी स्टेशन आणि मग वस्ती, हा क्रम मला उलट्यापेक्षा कितीतरी बरा वाटतो. वस्ती झाल्यावर रूळ घालायचे तर बोगदे खणावे लागतात.

---

सांधेजोड | १३ ऑक्टोबर २०२५

पुलाबद्दल विचारलंय म्हणून सविस्तर लिहितो. स्थापत्य अभियंता आहे. या कामात नव्हतो, पण सुरुवातीपासून ते जवळून वाचत आलोय.

लेक वॉशिंग्टन खोल आणि तळाशी मऊ गाळ, म्हणून खांब रोवण्याऐवजी काँक्रीटच्या पोकळ पेट्या पाण्यावर तरंगत ठेवून त्यावर रस्ता केला. आय-९० महामार्गाचे असे दोन पूल शेजारी शेजारी आहेत. रेल्वे जातेय ती होमर हॅडली पुलावरून, तो १९८९ चा. तरंगता भाग सुमारे पावणेदोन किलोमीटर. शेजारचा जुना पूल १९४० चा होता आणि नोव्हेंबर १९९० मध्ये दुरुस्ती चालू असताना वादळात पेट्यांमध्ये पाणी शिरून बुडाला. तो नंतर पुन्हा बांधला. त्यामुळे इथे पेटीला भोक पाडणं या कल्पनेचाच अभियंत्यांना धसका आहे, आणि तो योग्यच आहे.

अडचण पहिली: पूल हलतो. तलावाची पातळी बॅलर्डच्या लॉक्समधून (पाणी अडवणाऱ्या दरवाजांतून) नियंत्रित करतात, उन्हाळ्यात वर आणि हिवाळ्यात खाली, फरक सुमारे दोन फुटांचा. वाऱ्याने पूल बाजूला सरकतो, गाडी आली की किंचित खाली दबतो आणि कलतो. किनाऱ्याकडचा पूल मात्र स्थिर. जिथे हे दोन भेटतात तिथे रुळाला वर-खाली, डावी-उजवीकडे, पुढे-मागे आणि पिळातही हलावं लागतं. मोटारीच्या टायरला तो सांधा चालतो. रुळावरून ताशी ५५ मैलांनी जाणाऱ्या चाकाला तिथे कोन आलेला चालत नाही. म्हणून या पुलासाठी खास सांधा-पूल तयार केले. त्यात रूळ एका जागी न मोडता लांबवर हळूहळू वळतो. याची खऱ्या आकाराची चाचणी कोलोरॅडोतल्या प्वेब्लोच्या रेल्वे चाचणी केंद्रात झाली. त्याआधी २००५ मध्ये वजन लादलेले ट्रक पुलावरून चालवून पूल किती दबतो ते मोजलं होतं.

दुसरी: वीज. गाडी १५०० व्होल्ट एकदिश प्रवाहावर चालते आणि तो प्रवाह रुळातून परत जातो. थोडा जरी काँक्रीटमध्ये निसटला तर आतलं पोलाद गंजतं. तरंगत्या पेट्यांना ते परवडणार नाही, म्हणून रूळ पेट्यांपासून विजेच्या दृष्टीने वेगळा ठेवावा लागतो. शिवाय वाढीव भारासाठी पेट्यांच्या आतून लांबीच्या दिशेने पोलादी केबलांचा ताण दिला.

तिसरी, जिच्यामुळे एवढी वर्षं गेली: रुळाखालचे काँक्रीटचे ठोकळे. तरंगत्या भागाच्या बाहेर, दोन्हीकडच्या मार्गावर जे ओतले होते त्यांची जाडी आणि पातळी जमली नाही, भरलेला मसाला सुटू लागला, तडे गेले. २०२२ मध्ये हे उघड झालं आणि मैलोगणती ठोकळे फोडून नव्याने ओतावे लागले. तरंगत्या भागावर तर रूळ धरून ठेवणाऱ्या बोल्टांच्या नायलॉनच्या आट्या झिजत होत्या, त्या हजारोंनी बदलल्या. त्याच सुमाराला काँक्रीट वाहून नेणाऱ्या चालकांचा संप झाला, तो काही महिने चालला. मूळ बेत २०२३ चा होता. या सप्टेंबरमध्ये चाचणीची गाडी स्वतःच्या विजेवर पहिल्यांदा पूल ओलांडून गेली. २०२६ च्या सुरुवातीला प्रवासी नेणार म्हणतात.

उशिराचा मलाही राग आहे. ठोकळ्यांचं काम हे साधं देखरेखीचं काम होतं. अवघड होता तो सांधा-पूल, आणि तो व्यवस्थित झाला. सोपं काम नीट न झाल्याने अवघड काम तयार होऊन पडून राहिलं, याचं वाईट वाटतं. पण घाईने उघडण्यापेक्षा ते फोडून पुन्हा बांधलं, या निर्णयाच्या मी पूर्ण बाजूने आहे.

---

हिशेबी | १३ ऑक्टोबर २०२५

सांधेजोड, इतकं सोपं करून कुणी सांगितलं नव्हतं. धन्यवाद.

एक शंका. पूल उघडल्यावर बेल्व्ह्यू-सिएटलची ५५० बस बंद होणार ना? मग तलावातल्या मर्सर आयलंड बेटावर बस बदलणाऱ्यांचं काय?

---

सांधेजोड | १३ ऑक्टोबर २०२५

हो, ५५० ची जागा गाडी घेणार. मर्सर आयलंडला स्टेशनच होतंय आणि पुढे सिएटलच्या बाजूला जडकिन्स पार्कला. त्यानंतर चायनाटाउनला सिएटलच्या वन लाईनला मिळते. विमानतळाला जायचं तर तिथे गाडी बदलायची. रेडमंडहून थेट गाडी नाही, हे आई-बाबांना घ्यायला-सोडायला जाणाऱ्यांनी ध्यानात ठेवावं. दोन-दोन मोठ्या बॅगा घेऊन बदलणं सगळ्यांना जमेलच असं नाही.

---

वेताळटेकडी | १४ ऑक्टोबर २०२५

मी पुण्यातून लिहितोय. या वर्षी मे ते ऑगस्ट लेकाकडे रेडमंडला होतो, म्हणजे तुम्ही ज्यांच्याबद्दल बोलताय त्यांच्यातलाच एक.

आमच्या वयाच्या माणसाला तिथे काय जड जातं ते सांगतो. थंडी नाही, भाषा नाही. सकाळी साडेआठला घर रिकामं होतं आणि संध्याकाळी सहापर्यंत काही घडत नाही, ते जड जातं. बसची सवय आम्हाला आहे, आयुष्य पीएमटीत गेलं. पण तिथल्या बसथांब्यावर दुसरा माणूसच नसतो. बस येणार की नाही, हे विचारायचं कुणाला? स्टेशनवर माणसं असतात. फलकावर किती मिनिटांत गाडी येणार ते दिसतं. सगळी स्टेशनं एका रेषेत आहेत, त्यामुळे चुकलो तरी समोरच्या फलाटावरून परत येता येतं. या एका गोष्टीने फार धीर येतो.

मी आणि आमच्या सौ. आठवड्यातून दोनतीनदा जायचो. रेडमंड टेक्नॉलॉजीहून पुढे गाडी महामार्गाच्या कडेने उतरत मेरीमूरकडे येते, तिथून झाडी आणि नदी दिसते. हिची ती आवडती जागा होती, त्या बाजूची खिडकी धरून बसायची. फलाटावर आणखी एक जोडपं भेटायचं, नाशिकचं. मग चौघं मिळून जाऊ लागलो. पुढे कोल्हापूरच्या एक आजी आल्या. लेकांनी ओळख करून दिली असती तर एकदा चहा झाला असता आणि संपलं असतं. ही ओळख आमची आम्ही केली.

आता उणीव. बहुतेक स्टेशनांवर स्वच्छतागृह नाही. तरुण माणसाला हे जाणवणार नाही. मधुमेह असलेला माणूस घरातून निघण्याआधी हाच विचार करतो. आम्ही मग ग्रंथालय किंवा दुकानं कुठे आहेत ते बघून बेत आखायचो. दुसरं, बाकं कमी. तिसरं, रस्ता ओलांडायचा सिग्नल आमच्या चालीला कमी पडतो.

आमच्या पुण्यात वनाज ते चांदणी चौक आणि रामवाडी ते वाघोली हे दोन विस्तार जूनमध्ये केंद्राने मंजूर केले. मी बावधनला राहतो, म्हणजे चांदणी चौक माझंच स्टेशन होणार. मेट्रो आपली झकास आहे, डबे तिथल्यापेक्षा प्रशस्त. पण चांदणी चौकात पायी माणसाने रस्ता ओलांडायचा कसा, हे आत्ताच ठरवा असं मी आमच्या नगरसेवकपदाच्या इच्छुकांना सांगत असतो. स्टेशन बांधून झाल्यावर ते कुणी करत नाही.

---

जुईली | १४ ऑक्टोबर २०२५

काका, स्वच्छतागृहाचा मुद्दा बाबागाडीवाल्या आयांचाही आहे. हे खरंच लेखी कळवायला हवं. ही गाडी चालवणाऱ्या साउंड ट्रान्झिट संस्थेच्या संचालक मंडळाच्या बैठकीत नागरिकांना बोलता येतं, लेखी सूचनाही घेतात. मी मसुदा करते, दुरुस्त्या सुचवा. आपल्या मराठी मंडळाच्या ज्येष्ठांच्या गटातून सह्या मिळाल्या तर उत्तमच.

---

टेकडीवरचा | १४ ऑक्टोबर २०२५

त्यातच शेवटच्या गाडीचंही घाला. टू लाईन रात्री साडेनऊच्या सुमाराला बंद होते. दिवाळीचा कार्यक्रम असो की मेरीमूरची मैफल, माणूस येताना गाडीने येतो आणि जाताना अडकतो. सिएटलची वन लाईन मध्यरात्रीपर्यंत चालते, मग आमचीच का नाही?

---

सांधेजोड | १४ ऑक्टोबर २०२५

पूल उघडल्यावर दोन्ही लाईन सिएटलमधून एकत्र धावतील, तेव्हा वेळही वाढायला हवी. तरी मागणी आत्ताच लेखी जाऊ द्या.

---

नदीकाठ | १५ ऑक्टोबर २०२५

जुईली, मसुद्यात चार गोष्टी घेऊ: स्वच्छतागृह, बाकं, सिग्नलचा वेळ आणि रात्रीची गाडी. सिग्नल शहराच्या अखत्यारीत येतात, म्हणून त्याचं पत्र रेडमंड शहराला वेगळं द्यावं लागेल. ते मी लिहितो. हिशेबी, रेंटनकडून येणाऱ्या बसच्या जोडणीबद्दल दोन ओळी तुम्ही दिल्यात तर त्याही जोडू.

व्यनितून (खासगी निरोपातून) तिघांनी विचारलं म्हणून इथेच लिहितो: ६५ च्या पुढच्यांना सवलतीचं ऑर्का कार्ड मिळतं, त्यावर भाडं १ डॉलर. वयाचा पुरावा दाखवावा लागतो. आई-बाबा आले की पहिल्याच आठवड्यात करून घ्या. त्यांचं कार्ड त्यांच्याच पाकिटात राहू द्या, तुमच्या नको.